दोन खरे आकडे

पडद्यावरची निळी रेषा तिरक्या रेघेला तीन ठिकाणी छेदून गेली, तेव्हा डॉ. कुमुदिनी मोचेमाडकरांना वाटलं, माहिती भरताना कुणाची तरी चूक झाली असावी. त्यांनी सगळं गणित पुन्हा करून घेतलं. रेषा तशीच राहिली. मग त्या उठल्या आणि लोकमत गणनसंस्थेच्या संचालकांच्या खोलीत गेल्या.

खारदेश हे दख्खन संघराज्यातलं सर्वांत लहान राज्य. एरवी राष्ट्राध्यक्षाच्या निवडणुकीत त्याला कुणी विचारत नसे. पण प्रत्येक राज्याचा कौल एकगठ्ठा मोजायचा अशी पद्धत होती, आणि या खेपेस बाकीची राज्यं दोन उमेदवारांत इतकी सारखी वाटली गेली होती, की खारदेश जिकडे झुकेल तोच राष्ट्राध्यक्ष होणार होता. आणि खारदेशाला त्या निवडणुकीत स्वतःचं मरण-जगणं दिसत होतं. समुद्राच्या वाढत्या पातळीखाली गेलेलं निम्मं राज्य सागरबंधाऱ्याच्या आड उभं होतं. विद्यमान अध्यक्ष भार्गव नाईकनवरे यांना बंधाऱ्याची दुरुस्ती थांबवून माणसं पठारावर हलवायची होती. एस्तेर पेणकर बंधारा उंच करायचं म्हणत होत्या.

संचालक इब्राहिम मुकादम मूळचे कायद्याचे अभ्यासक. गणित त्यांना सोपं करून सांगावं लागे आणि त्याची त्यांना लाज नव्हती.

"बसा, बाई. काय झालं?"

"सर, आपण नुसतं लोकांचं मत विचारत नाही, हे तुम्हांला ठाऊक आहे. आपला अंदाज वाचून लोक वागणं बदलतात. आपला माणूस पडणार असं कळलं की काही जण घरीच बसतात. म्हणून अमुक आकडा जाहीर केला तर प्रत्यक्ष मतं किती पडतील, हे आपण प्रत्येक आकड्यासाठी मोजतो. ती रेषा म्हणजे पडसादवक्र. तो तिरक्या रेघेला जिथं छेदतो, तिथं छापलेला आकडा आणि लागणारा निकाल एकच असतो. तो आपला अंदाज."

"आत्मसंगत अंदाज. तेवढं मला पाठ आहे."

"असा आकडा आजवर एकच निघायचा. या वेळी तीन निघालेत. मधला सोडून द्या, तो टोकावर उभ्या केलेल्या पेन्सिलीसारखा आहे, टिकणार नाही. उरले दोन. पेणकरांना चोपन्न टक्के असं छापलं, तर चोपन्न पडतील. चव्वेचाळीस छापलं, तर चव्वेचाळीस."

मुकादमांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. "त्यातला खरा कुठला?"

"आपण छापू तो."

"हे आधी का नाही झालं?"

"आधी लोकांचा आपल्यावर अर्धामुर्धा विश्वास होता. तेव्हा वक्र पसरट असायचा, रेघेला एकदाच छेदायचा. इतकी वर्षं आपला अंदाज चुकला नाही. विश्वास वाढत गेला, तसा वक्र उभा होत गेला."

"म्हणजे आपण बरोबर ठरत गेलो, म्हणून हे झालं."

"हो, सर."

खिडकीतून खाली शहराचा बाजार दिसत होता. दोन्ही बाजूंच्या प्रचारगाड्या एकाच चौकात अडकल्या होत्या आणि कुणाचंच काही ऐकू येत नव्हतं. तिकडे बघत मुकादमांनी विचारलं,

"दोन्ही आकडे सांगून टाकले तर?"

"तेही मोजून पाहिलं. लोक म्हणतात, मग आमच्या मताला अर्थ काय, सगळं आकड्यावरच आहे. निम्मे मतदार बाहेरच पडत नाहीत."

"तुमचे बंधू आगरवेळला असतात ना? बंधाऱ्याखाली?"

"हो. बर्फाचा कारखाना आहे जयरामदादाचा. म्हणूनच हा आकडा मी निवडू नये."

"आणि माझं घर पठारावर आहे. तेव्हा मीही निवडू नये." मुकादमांनी चष्मा पुन्हा चढवला. "बाई, निकाल लावणं हे आपलं काम नाही. या वेळी काहीच छापायचं नाही. आपण नव्हतो तेव्हा लोक मत देत होतेच की."

कुमुदिनीबाईंना आतून हलकं वाटलं. चोपन्नचा आकडा त्यांनी सकाळपासून कितीदा तरी मनातल्या मनात छापून पाहिला होता. आगरवेळचा धक्का, दादाच्या कारखान्याची पत्र्याची शेड, तिथला खारट गारवा, सगळं त्या एका आकड्यापलीकडे सुखरूप दिसत होतं. तो मोह आता त्यांच्या हातातून काढून घेतला गेला होता. दुसऱ्या दिवशी संस्थेनं पत्रक काढलं : काही तांत्रिक कारणामुळे यंदा अंदाज जाहीर करता येणार नाही. कारण विचारायला आलेल्या पत्रकारांना मुकादमांनी चहा पाजून परत पाठवलं.

मतदानाच्या दिवशी बाई रांगेत उभ्या राहिल्या. पुढच्या माणसांच्या पाठी बघताना त्यांना वाटलं, कितीतरी वर्षांनी ही माणसं फक्त आपल्या मनाला विचारून आत जात आहेत.

पेणकरांना चव्वेचाळीस टक्के मतं पडली.

खारदेश नाईकनवऱ्यांकडे गेलं, आणि खारदेशामागून राष्ट्राध्यक्षपद. बाईंनी तो आकडा पाहिला. दुःख झालं, पण त्या दुःखाला निदान बूड होतं. लोकांनी मोकळेपणानं ठरवलं, आणि हे ठरवलं. त्या तसं मुकादमांना म्हणाल्यादेखील. मुकादमांनी मान हलवली, पण त्यांच्याकडे पाहिलं नाही.

पठारावर हलण्याचा हुकूम निघाला, तशा त्या आगरवेळला गेल्या. धक्क्यावरच्या बोटी रिकाम्या होत्या. कारखान्यात कामगार यंत्रं सुटी करत होते. जयराम बाहेर एका उलट्या टोपलीवर बसला होता. बहिणीला पाहून त्यानं शेजारची टोपली उलटी केली.

"बस, कुमे. चहा सांगू?"

"नको. दादा, वाईट वाटतंय रे. पण लोकांचाच कौल होता."

"कसला कौल?" जयराम म्हणाला. "इथलं कोण गेलं होतं मताला?"

"म्हणजे?"

"तुमचं ते पत्रक आलं, तेव्हाच आम्ही समजलो. दर वेळी तुम्ही आकडा देता. या वेळी नाही दिलात. चांगला असता तर दाबून ठेवला असता का कुणी? धक्क्यावर सगळे हेच बोलत होते, बंधारेवाले पडणार, उगाच दंगा नको म्हणून आकडा लपवलाय. गेल्या खेपेसही आम्ही पडलोच होतो. मग कोण जातंय उन्हात?"

"तू गेलास ना?"

"नाही. पहिल्यांदाच नाही गेलो. कोळंबीच्या बोटी आल्या होत्या, बर्फ फोडत बसलो."

कुमुदिनीबाईंच्या डोळ्यांपुढे ती निळी रेषा आली. शून्यापासून शंभरापर्यंत प्रत्येक आकडा त्यांनी तिच्यावर ठेवून पाहिला होता. कोरी जागा ठेवून पाहिली नव्हती. जिथं लोकांचा संस्थेवर इतका विश्वास, तिथं संस्थेचं गप्प बसणंही लोक वाचणार होते, आणि ते चव्वेचाळीस असंच वाचणार होते. वक्र तर त्यांनीच काढला होता. त्यांना हे दिसायला हवं होतं.

त्यांनी भावाला सगळं सांगितलं. दोन आकडे होते, दोन्ही खरे होते, हे सांगितलं. सांगून झाल्यावर जयराम म्हणाला, "चोपन्न छापलं असतं, तर आम्ही सगळे गेलो असतो."

"हो."

"आणि चोपन्न पडले असते."

"हो, दादा."

"मग का नाही छापलंस?"

"छापलं असतं, तर निकाल मीच ठरवल्यासारखा झाला असता."

जयरामच्या आवाजात राग नव्हता, आणि तेच त्यांना सोसवेना.

"मग आता कुणी ठरवला, कुमे?"

आतून कामगारांनी हाक मारली. काँप्रेसरचे शेवटचे नट निघाले होते आणि तो उचलायला माणूस कमी पडत होता. जयराम टोपलीवरून उठला आणि त्यांना हात द्यायला आत गेला.