चौथ्या मजल्यावरची झडप

भर दुपारी अडीच वाजता फिटर शिडी घेऊन चौथ्या मजल्यावर गेला, तेव्हा त्याच्या डोक्यात एकच गोष्ट होती: ती तार कापायची. सोबत मेव्हणा, शिडी धरायला.

अहो, हवेच्या डक्टमध्ये भिंतीपाशी पोलादी पात्यांची एक झडप असते. आग लागली की तिला उघडी धरणारी कडी वितळते आणि स्प्रिंग तिला धाडकन पाडते, म्हणजे धूर पलीकडे जात नाही. दर सहा महिन्यांनी ती पाडून बघायची आणि हातानं ताणून पुन्हा उघडायची, हे फिटरचं काम. पण ही झडप मेली उगाचच पडायची आणि पलीकडे फायलींच्या खोलीतल्या बायका कुरकुरायच्या, "वारा येत नाही हो!" वैतागून या पठ्ठ्यानं ती तारेनं उघडीच बांधून टाकली, कागदावर 'ठीक' लिहिलं आणि मोकळा झाला. गेल्या महिन्यात तिसऱ्या मजल्यावर आग लागली. धगधगता धूर त्याच झडपेतून आला आणि फायलींच्या खोलीतल्या तिघी गुदमरून मेल्या. उद्या चौकशीवाले डक्ट उघडणार होते. तार सापडली की तुरुंग ठरलेला.

"दाजी, उरका लवकर. मला इथं कसंतरीच होतंय."

"गप रे! शिडी धर नीट."

त्यानं झाकण काढलं. काजळीचा वास नाकात गेला. पक्कड लावून तार तोडली. झडप पडायला हवी होती, पडली नाही. गंजली असेल म्हणून त्यानं हात आत घातला, पात्यांच्या पलीकडे. तिथं पाती कुणीतरी धरून ठेवली होती. बोटं लागली त्याला... कोरडी, तापलेली.

"तू... तू पलीकडं गेलास का रे?"

"मी खालीच आहे, दाजी..."

त्या बोटांनी त्याचं मनगट पकडलं, हात कोपरापर्यंत ओढून घेतला आणि झडप पडली. हाड मोडल्याचा आवाज मेव्हण्याला खाली ऐकू आला. पाती उघडली, पुन्हा पडली. पुन्हा उघडली, पुन्हा पडली. फिटर गुरासारखा ओरडत होता आणि डक्टच्या सांध्यातून रक्त मेव्हण्याच्या तोंडावर गळत होतं. त्यानं दाजींचे पाय दोन्ही हातांनी कवटाळून जीव खाऊन ओढले. दोघं शिडीसकट खाली आदळले. फिटरच्या उजव्या कोपरापुढं हातच नव्हता.

दवाखान्यात फिटर अर्धवट शुद्धीत एकच बरळत होता, "सांगतो... उद्या सगळं सांगतो..."

डॉक्टरीणबाईंनी दंडावरची पट्टी बघितली. "ही कुणी बांधली? अगदी योग्य जागी, घट्ट. नाहीतर वाटेतच गेले असते. आता वाचतील, उद्या बोलतीलसुद्धा."

मेव्हण्यानं वाकून बघितलं. फुलाफुलांच्या साडीच्या पदराची पट्टी होती, कडेला जळलेली.

"मी... मी नाही बांधली."

बाईंनी गाठ सोडायला हात लावला आणि "आई गं!" म्हणून झटकन मागं घेतला. बोटांना फोड आले होते.