खिडकीखालची मोहरी

"आत्या, खिडकीखाली ही मोहरी कोणी पेरली?"

करिष्मा मागल्या दारात उभी राहून, कोंबांशेजारी पडलेले काळे दाणे दाखवत विचारत होती, आणि कमळाआत्याच्या हातातली बादली हातातच राहिली... महिनाभरात सूनबाईने तिला विचारलेला हा पहिला प्रश्न, आणि नेमका तोच, ज्याचं खरं उत्तर देता येत नव्हतं.

खरं सांगितलं तर करणी म्हणतील. मानकोली गावात मोहरी दोनच कामांना लागते, फोडणीला आणि दृष्ट काढायला. आणि लेकराच्या खिडकीखाली चोरून टाकलेली मोहरी सापडली, तर तिला फोडणी कोण म्हणणार? दिवाळी झाली आणि चार वर्षांच्या भाविकला तापात आकडी आली. आदल्याच दिवशी कमळाआत्याने त्याला मांडीवर घेऊन भात भरवला होता. दवाखान्यातून परतल्यावर करिष्मा उंबऱ्यातच म्हणाली होती, "तुमची नजर लागली माझ्या पोराला. परत त्याला हात लावू नका." आणि तिच्या नवऱ्याने, कुणालने, मान खाली घातली... तोच कुणाल, ज्याची आई गेली तेव्हा तो नऊ महिन्यांचा होता, ज्याच्यासाठी विशीतल्या विधवा आत्याने दुसऱ्या लग्नाचा सांगावा परत पाठवला, ज्याला तिने तळहाताच्या फोडासारखं जपलं. कमळाआत्या मुकाट्याने मागच्या खोलीत राहायला गेली. राग आला नाही असं नाही, पण रागापेक्षा भय मोठं होतं. खरंच आपली लागली असेल तर?

तेव्हापासून दर शनिवारी तिन्हीसांजेला ती बाहेरून खिडकीशी उभी राहायची. आत भाविक काचेला पाठ लावून कार्टून बघत असायचा. काचेबाहेरूनच त्याच्या डोक्यावरून मिठा-मोहरीची मूठ फिरवायची, मिठाचा खडा पाण्यात सोडायचा. मोहरी खरं तर निखाऱ्यावर टाकायची, पण घरात चूल उरली कुठे, आणि गॅस करिष्माचा. मग ती तिथंच मातीत टाकायची. वर दुपारभर एसीचं पाणी ठिबकत होतं, रात्रीची थंडी पडू लागली होती... मोहरीला आणखी काय हवं?

"मीच पेरली," कमळाआत्या म्हणाली. "पाल्याची भाजी करायची हाय."

"मोहरीच्या पाल्याची?"

"करतात."

कोण करतात, ते देवाला ठाऊक. करिष्मा आत गेली, पण एकदा मारली ती थाप आता निभावणं आलं.

आणि गंमत बघा, थाप निभावता निभावता त्या बाईला रोपांचाच नाद लागला. साठ वर्षं मोहरी तेलात तडतडताना पाहिली, हिरवी कधी पाहिलीच नव्हती. एवढ्याशा काळ्या दाण्यातून हृदयाच्या आकाराची दोन पानं निघतात, मग कातरलेल्या कडांचं तिसरं निघतं, हे ती वाकून वाकून बघायची. दाटी झाली तेव्हा तिने काही रोपं उपटली, एक चावून पाहिलं, तर झणका थेट नाकात... डोळ्यांत पाणी आलं, आणि कित्येक दिवसांत पहिल्यांदा ती हसली. माव्याची कीड पडली, तेव्हा शेजारच्या पुतळाबाईंकडून चुलीची राख आणून पानांवर भुरभुरली. हातगाडीवर भाजी विकणारी भाभी कुंपणावरून डोकावून म्हणाली, "अम्मा, नीचे का पत्ता तोड़ो, बीच वाला मत छेड़ो. फूल आ गया तो कड़वा हो जाएगा." कमळाआत्याने तसंच केलं. बाहेरची पानं खुडली, गाभा ठेवला, आणि चार दिवसांत रोप पुन्हा भरलं.

पाला सुक्या जवळ्यात परतून तिने वाटीभर भाजी पुढच्या घरात पाठवली. कुणालने दोनदा वाढून घेतली म्हणे. वाटी परत द्यायला करिष्मा स्वतः आली आणि वाफ्याकडे बघत राहिली.

"एक पुंजका गुडघ्याएवढा, एक वीतभर, एक बोटभर... सगळी एकदम का न्हाय पेरली?"

"ताजी ताजी मिळावी म्हणून," कमळाआत्या घाईने म्हणाली. करिष्माने मान हलवली, पण तिची नजर खिडकीवर जाऊन परतली. त्या रात्री कमळाआत्याला झोप लागली नाही.

पुढच्या शनिवारी सांजेला लाईट गेली होती. अंधाऱ्या खोलीत खिडकीजवळ भाविकचं डोकं तेवढं दिसत होतं. काच उघडी आहे आणि खाली भिंतीला टेकून करिष्मा बसली आहे, हे कमळाआत्याला कळलंच नाही. तिने मूठ फिरवली, नेहमीसारखीच पुटपुटली, "आल्यागेल्याची, वाटंवरच्याची, शेजारापाजाराची, घरच्याची, दारच्याची... आनि कमळीची लागली असंल तर कमळीची पन जळून जाऊ दे."

"आत्या..."

मूठ उघडली, दाणे सांडले. "करणी न्हाय गं," कमळाआत्याने खिडकीचा गज धरला. "देवाशपथ न्हाय. मला या घरातून काढू नको."

करिष्मा गजांतून वाकून खालची रोपं बघत होती. पुंजके मोजताना तिचे ओठ हलत होते.

"सात शनिवार," ती म्हणाली. "आणि सातही वेळा स्वतःचं नाव घेऊन?"

"माझी कूस रिकामी. त्याच्याकडं बघताना माझा जीव भरून येतो... लागली असंल तर? कुणाला ठाऊक."

खिडकीतलं भाविकचं डोकं दिसेनासं झालं. मग मागलं दार उघडलं. करिष्मा भाविकला कडेवर घेऊन बाहेर आली, तिचा चेहरा रडून भिजला होता, आणि तिने पोराला कमळाआत्यासमोर पायरीवर बसवलं.

"समोर बसवून उतरवा. नीट."

कमळाआत्याने सोबतच्या डब्यातून मिठा-मोहरीची नवी मूठ भरली. घरच्याची, दारच्याची म्हणून झालं, आणि तिच्या नावापाशी येताच करिष्माने तिची मूठ धरली.

"आधी माझं घ्या. आईची नजर सगळ्यांच्या आधी लागते. मी पण त्याच्याकडं तसंच बघते, जीव भरून... मग तुमचीच कशी वाईट?" तिने मूठ सोडली. "आणि कमळीची म्हणू नका. तुम्ही त्याच्या कोण, ते म्हणा."

घरात सगळे तिला आत्याच म्हणत, भाविकसुद्धा. तो मान वर करून तिच्या मुठीकडे बघत होता, आत काय आहे ते त्याला हवं होतं.

"आईची..." कमळाआत्या म्हणाली, आणि मूठ त्याच्या डोक्यावरून फिरवून, अगदी हळू, "आजीची."