खोलीची शांतता

बाबांचा तो शेवटचा साधासुधा दिवस, आणि त्याच दिवशी ती त्यांच्यावर ओरडली.

तिच्या पहिल्या चित्रपटाचं शूटिंग बाबांच्याच खोलीत चाललं होतं. दृश्य संपलं, तसा ध्वनिमुद्रण करणाऱ्याने हात वर केला. "शांतता घेतोय. पंखा बंद!" प्रत्येक जागेची शांतता वेगळी असते, संवादांमधल्या फटी बुजवायला पुढे तीच लागते. सगळे होते तिथे पुतळ्यासारखे उभे राहिले.

बाबांना नेमका तेव्हाच खोकला आला.

"बाबा! उभा जन्म सेटवर लाइट लावण्यात गेला ना तुमचा? एवढंसं गप्प बसवत नाही?"

"बाईसाहेब दिग्दर्शक झाल्यात," बाबा ध्वनिमुद्रण करणाऱ्याला म्हणाले, "आता तूच सांभाळ रे, कानसेन."

हे नाव बाबांनीच ठेवलेलं. ती नवखी असताना शॉटच्या सुरुवातीला नुसती क्लॅपची पाटी वाजवायची. पहिल्याच दिवशी तिने त्याच्या माइकखाली पाटी अशी आपटली, की हेडफोन काढून तो कान चोळत राहिला.

"माझ्याशी काही जुनं वैर?"

"अजून नाही. आधी ओळख तर होऊ दे!"

पुढे ती कंटिन्युइटी, म्हणजे दृश्यादृश्यांतला मेळ पाहू लागली, मग सहायक, मग मुख्य सहायक... आणि तो सेटमागून सेट तशीच शांतता मागत राहिला. सगळे जमिनीकडे बघत, तेव्हा ही दोघं एकमेकांकडे. बोलायची तेव्हा मुभा नसे – आणि तिला तेच बरं वाटे.

ती ओरडली त्या संध्याकाळी केबल गुंडाळता गुंडाळता बाबांनी विचारलं, "त्याला सांगितलंस?"

"काय सांगायचं?"

"लाइटमन आहे मी, पोरी. कुणाच्या चेहऱ्यावर उजेड कुठून येतो, ते मला कळतं."

"चित्रपट तर होऊ दे आधी..."

"बरं," बाबा म्हणाले.

सकाळी ते उठले नाहीत.

शूटिंग थांबलं. मग एक राहिलेलं दृश्य घ्यायला सगळे पुन्हा त्याच खोलीत जमले. पलंग होता तसाच. उशीवरचा डोक्याचा खड्डा तेवढा भरून आला होता.

"उद्यापासून दूरचं काम घेतलंय," माइक लावताना तो म्हणाला. "वर्षभर तरी तिकडेच."

"एवढं लांब?"

"थांब म्हणणारं कुणी नाही इथे."

ती कॅमेऱ्याकडे वळली. दृश्य पार पडलं. तो जवळ आला, आवाज खाली आणून म्हणाला, "शांतता... जुनीच वापरू?"

"तिच्यात बाबांचा खोकला आहे."

"माहीत आहे. पुसायला हात धजला नाही माझा."

"ती माझ्यासाठी ठेव. आज नवी घे."

पंखा थांबला. त्याचा हात वर गेला. सगळे पुतळे झाले. ती कान देऊन वाट बघत राहिली... कुणीही खोकलं नाही.

"थांब ना," ती म्हणाली.

सगळ्यांच्या माना वळल्या. दिग्दर्शकानेच शांतता मोडली होती! कानसेनने मात्र हात खाली घेतला नाही.

"माइकपासून लांब आहेस," तो कसाबसा म्हणाला. "नीट आलं नाही... पुन्हा म्हण."

ती चालत माइकखाली, बाबांच्या पलंगाशी आली.

"माझं तुझ्यावर प्रेम आहे. त्या पाटीपासूनच. जाऊ नकोस."

मग उशीकडे वळून, तितक्याच स्पष्ट आवाजात –

"सांगितलं हो, बाबा."