तिसरा टेक

हॉलंडमधल्या आल्मेरे शहराच्या लायब्ररीतली काचेच्या दाराची ती लहानशी खोली मृण्मयीने चार ते पाच अशी रीतसर बुक केली होती. डच भाषेच्या परीक्षेत संगणकासमोर बसून एकट्याने बोलावं लागतं, आणि घरी तसा सराव करताना तिला स्वतःचीच लाज वाटायची. नोव्हेंबरचा पाऊस सायकलवर तिला चारी बाजूंनी लागला होता. ओलं जाकीट सांभाळत तिने दार ढकललं, तर आत एक उंच, सावळा तरुण खुर्चीवर चढून भिंतीला राखाडी चादर चिकटवत होता.

चादर अंथरावी, पांघरावी. भिंतीला कोण नेसवतं?

"सॉरी, सॉरी! फाइव्ह मिनिट्स, प्लीज—" तो खुर्चीवरूनच म्हणाला. तेवढ्यात त्याचा फोन वाजला. "हां आई... नंतर करतो गं. हो, जेवलो. हो, स्वेटर घातलाय."

अंगात साधा टी-शर्ट होता.

"आईला खोटं कशाला सांगता?" मृण्मयीने मराठीत विचारलं.

तो खुर्चीवरून पडलाच असता. सावरला, आणि असा काही हसला की तिला आपली खोली, आपली वेळ, आपली परीक्षा, सगळ्याचा क्षणभर विसर पडला.

त्याचं नाव ऋषभ. जन्म इंग्लंडमधल्या लेस्टरचा, मराठी आजीकडून शिकलेलं. त्यामुळे आरत्या आणि शिव्या पक्क्या, लिहिणं-वाचणं कच्चं. तो नट होता. तीन नट आणि एक व्हॅन एवढ्याच भांडवलावर हॉलंडच्या शाळांतून इंग्रजी नाटकं करणाऱ्या एका छोट्या कंपनीबरोबर आला होता. आणि आत्ता त्याला लंडनला ऑडिशन पाठवायची होती. हल्ली नटांना समोर बोलावतच नाहीत म्हणे. प्रसंग मागे चादर लावून आपल्याच फोनवर रेकॉर्ड करून धाडायचा.

"समोरच्या पात्राची वाक्यं वाचायला एक माणूस लागतो," तो म्हणाला. "रीडर. माझा रीडर तापाने झोपलाय. तुम्ही... वाचाल?"

"मला अॅक्टिंग येत नाही."

"परफेक्ट! रीडरने करायचीच नसते. फोनच्या अगदी शेजारी उभं राहायचं आणि सपाट वाचायचं. मी तुमच्याकडे बघणार, पण तुम्ही काही म्हणजे काही वाटू द्यायचं नाही."

"हे मला जमेल," मृण्मयी म्हणाली. "मी पुण्याची आहे."

त्या दिवशी डचचा सराव झाला नाही. पुढच्या बुधवारीही नाही. तापाने झोपलेला रीडर बरा होऊन हिंडू-फिरू लागला, तरी ऋषभला त्याची आठवण होईना, आणि मृण्मयीनेही करून दिली नाही. मूर्ख का होती ती?

मृण्मयी ॲम्स्टरडॅमच्या एका कंपनीत सॉफ्टवेअर टेस्टर होती. बुधवारची अर्धी सुट्टी सोडली, तर दिवसभर दुसऱ्यांच्या कामातल्या चुका शोधायच्या आणि संध्याकाळी गाडीने आल्मेरेला परतायचं. चार वर्षं असं चाललं होतं. इथला हिवाळा असा की दिवस उजाडतो तोच मावळायच्या तयारीने. घरी आल्यावर दिवा लावायला तिच्याशिवाय कोणी नव्हतं, आणि 'एकटीला बरं वाटतं' हे वाक्य ती आईला फोनवर इतक्यांदा म्हणाली होती की आता ते तिला पाठ झालं होतं. आता बुधवार आला की ती ओठांना काहीतरी लावत होती. वाचणारी व्यक्ती फोनमध्ये दिसत नाही, हे ठाऊक असूनसुद्धा.

काम संपलं की दोघं वेअरवॉटर तळ्याच्या काठाने सायकली हातात धरून चालायची. तिने आणलेलं थालीपीठ तो चक्क केचपबरोबर खायचा.

"हे पाप आहे, ऋषभ."

"आजी म्हणायची, पाप वाटून घेतलं की अर्धं होतं." आणि अर्धं थालीपीठ तिच्यापुढे.

"आजी असं काही म्हणाली नसेल."

"नसेल... पण मी किती खरं म्हणालो, ते बघ ना!"

चालता चालता त्याने आपलं सगळं सांगितलं. नऊ वर्षांचा असताना शाळेच्या नाटकात तो उंटाचे मागचे पाय झाला होता. चेहरा झाकलेला, वाक्य एकही नाही. पण त्या पायांना टाळ्या पडल्या, आणि पोरगं कामातून गेलं. वडील अरुण यांचं औषधांचं दुकान. मुलगा फार्मसी शिकणार, हे मुलाला न विचारता ठरलेलं. तो नाट्यशाळेत गेला, तेव्हा वडील सात महिने त्याच्याशी बोलले नाहीत. मग एका हॉस्पिटलच्या मालिकेत त्याला डॉक्टरचं काम मिळालं, चार वाक्यांचं. त्या आठवड्यात दुकानात येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाला वडिलांनी खोकल्याच्या औषधाबरोबर ती चार वाक्यं दाखवली.

"मग एक टॅक्सीवाला. एक प्रेत. आणि लंडनच्या एका मोठ्या नाटकात वर्षभर अंडरस्टडी. म्हणजे हिरोचं सगळं काम पाठ करून रोज विंगेत बसायचं. तो आजारी पडला तर आपण."

"मग?"

"वर्षभरात त्या माणसाला साधी सर्दीसुद्धा झाली नाही."

मृण्मयी पोट धरून हसली. हसता हसता तिच्या लक्षात आलं, तो हसत नव्हता. पाण्याकडे बघत होता. तो बत्तीस वर्षांचा होता, आणि आपल्यात काही आहे की नाही, हे त्याला अजून कोणी सांगितलं नव्हतं. तिला त्याचा हात धरावासा वाटला. तिने सायकलचं हँडल घट्ट धरलं.

डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात तो पायऱ्या दोन-दोन चढत आला. नवी ऑडिशन होती: सहा भागांची मालिका, मुख्य भूमिका. चित्रीकरण केपटाउनला, नऊ महिने. आणि नाटक कंपनीने त्याला आदल्याच दिवशी विचारलं होतं, उन्हाळ्यापर्यंत इथेच राहतोस का?

"मग... काय करणार?" तिने शक्य तितक्या सपाट आवाजात विचारलं.

"आधी टेप करू. मिळणार थोडीच आहे!"

प्रसंग असा होता: बऱ्याच वर्षांनी परत आलेला नवरा दारात उभा आहे, आणि बायको त्याला आत घेत नाही. बायकोची वाक्यं मृण्मयीची.

पहिल्या टेकला तो दोनदा अडखळला. दुसरा टेक अगदी नीटनेटका झाला. शब्द जागच्या जागी, नजर जागच्या जागी. "अजून एक," तो म्हणाला. "सेफ्टीसाठी."

तिसऱ्या टेकला मृण्मयी वाचू लागली. इंग्रजीत होतं, पण अर्थ एवढाच होता की माझ्यासाठी थांबू नकोस, जा. वाचताना तिचा आवाज दगा देऊन गेला. 'जा' नीट उमटलाच नाही, आणि ऋषभने ते ऐकलं. तो पुढचं वाक्य बोलायचाच विसरला. नुसता बघत राहिला. ओठ हलले, मिटले. मग जे वाक्य त्याने दोन्ही वेळा ठणठणीत म्हटलं होतं, ते तो जेमतेम ऐकू येईल इतक्या हळू म्हणाला... आणि त्याचे डोळे भरून आले.

त्याने पुढे येऊन रेकॉर्डिंग बंद केलं.

"तो... बाद," ऋषभ म्हणाला. "त्यात मी कॅरेक्टर नव्हतोच. मीच होतो."

खाली व्हॅनचा हॉर्न वाजला. ब्रेडा शहरात प्रयोग होता. त्याने घाईघाईने तिन्ही टेक तिच्या फोनवर टाकले, आपल्या लंडनच्या एजंटचा ई-मेल दिला. "व्हॅनमध्ये नेट धड नसतं, सहाच्या आत तूच पाठव हं. दुसरा बरा वाटतोय, पण तू बघ. चुका शोधायचं तुझंच तर काम आहे!" आणि दारातून वळून, तिच्याकडे न बघता, "आल्यावर बोलू. मला... बोलायचंय."

मृण्मयीने दुसरा आणि तिसरा टेक पाहिला, चार-चार वेळा. तिला शंका उरली नव्हती. दुसरा टेक नीट होता. तिसऱ्यात एक माणूस जिवंत होता, आणि तो बघून कुठल्याही शहाण्या दिग्दर्शकाने त्याला उद्याच्या विमानात बसवलं असतं.

तिने दुसरा पाठवला.

आपण काय करतोय, हे तिला कळत होतं. 'दुसराच पाठव म्हणून तोच तर म्हणाला,' असं तिने मनाशी म्हणून पाहिलं. पण मनाला फसवायला मन तरी भोळं हवं ना!

ब्रेडाहून परतल्यावर तो व्हॅनमधून उतरून थेट तिच्याकडे आला. काय बोलायचं होतं, ते बोलायची वेळच आली नाही. तिने दार उघडलं आणि त्याने तिला जवळ घेतलं. त्याच्या जाकिटाचा थंड, ओला वास तिला पुढे कितीतरी दिवस नुसत्या आठवणीनेही येणार होता. तिला वाटलं, झालं ते बरंच झालं.

या धंद्यात नकार सहसा कोणी कळवत नाही. गप्प बसणं हाच नकार. पण या वेळी एजंटने मुद्दाम कळवलं. लोकांना टेप नीटनेटकी वाटली, पण आत काही सापडलं नाही. ऋषभने तो निरोप तिला वाचून दाखवला, फोन खिशात ठेवला, आणि म्हणाला, "बरोबर आहे त्यांचं."

"एका टेपवरून काय—"

"एका नाही गं. दहा वर्षं हेच म्हणतायत लोक. फक्त चांगल्या शब्दांत." मग तो तिच्याकडे वळला. "मृण्मयी, मी थांबतो. उन्हाळ्यापर्यंत नाही, कायमचा. ब्रेडाला विश्वासदादा आहे ना, माझा चुलतभाऊ, त्याच्या गोडाऊनमध्ये प्लॅनिंगला माणूस हवाय. कागदपत्रांचं तो बघतो म्हणालाय. नाटक बास झालं. मला तू आवडतेस. एवढं पुरे आहे मला."

तिने जे मागितलं होतं, ते सगळं पदरात पडलं होतं. पंधरा दिवस ती त्या सुखात राहिली, आणि ते सुख तिला दिवसेंदिवस जड होत गेलं. आल्बर्ट हाइन सुपरमार्केटच्या रांगेत पुढच्या बाईच्या चालीची नक्कल करून तो तिला हसवायचा, ते थांबलं. तो स्वेटर घालू लागला. थालीपीठ दह्याबरोबर खाऊ लागला. तिने सांगितलेलं सगळं तो ऐकत होता, आणि रविवारी दुपारी पडद्याबाहेरच्या राखाडी उजेडात तो खिडकीपाशी बसला की खुर्ची रिकामी वाटायची.

अशाच एका रविवारी तो ब्रेडाच्या नोकरीसाठी बायोडेटा लिहीत होता. मृण्मयीने मागून वाकून पाहिलं. 'अनुभव' या शब्दाखाली काहीच नव्हतं.

"दहा वर्षं नाटक केलंस. तेच लिही."

"काय लिहू? आत काही सापडलं नाही?" तो हसला.

ते हसू तिला सहन झालं नाही.

"ऋषभ, मी तिसरा टेक पाठवला नव्हता."

"बरं केलंस. तो वायाच गेला होता."

"वाया गेला नव्हता." तिने फोन त्याच्या पुढ्यात ठेवला. "बघ."

त्याने पाहिला. मग पुन्हा पाहिला. ती फोनकडे बघत नव्हती, त्याच्याकडे बघत होती. त्याच्या चेहऱ्यावर आधी संकोच आला, मग अविश्वास, आणि मग आपल्याच घरात आजवर न उघडलेली खोली सापडावी, तसं काहीतरी.

"हे... चांगलंय," तो हळूच म्हणाला.

"हो."

"तुला तेव्हाच कळलं होतं?"

"हो."

"मग दुसरा का पाठवलास?"

"तू गेला असतास म्हणून." तिला रडायचं नव्हतं, पण ते आता तिच्या हातात राहिलं नव्हतं. "मला तू हवा होतास, ऋषभ. अजून हवायस. इतका, की तुझं काय होईल ते बघायचं माझ्याकडून राहूनच गेलं."

तो ओरडला असता तर सोपं होतं. तो ओरडला नाही. "माझ्या आत काहीच नाही असं समजून मी पंधरा दिवस फिरतोय, मृण्मयी. तू समोर बसून थालीपीठ वाढत होतीस."



त्याने विश्वासदादाला नकार कळवला. ती भूमिका केव्हाच दुसऱ्या कोणाला गेली होती. तिची आशा त्याने धरली नाही. पण लंडनला जायचं त्याने त्याच आठवड्यात ठरवलं. सामान एका बॅगेत मावलं. शनिवारी सकाळी आल्मेरेच्या स्टेशनवर दोघं उभी राहिली. सरळसोट, थंड पाऊस पडत होता, आणि फलाटावर दुसरं कोणी नव्हतं.

"तू सांगितलं नसतंस तर मला जन्मात कळलं नसतं," ऋषभ म्हणाला.

"माहितीये."

"मी इथेच राहिलो असतो. तुझ्यापाशी."

"तेही माहितीये."

"मग का सांगितलंस?"

"खिडकीत बसलेला तो माणूस मला आवडला नव्हता रे," मृण्मयी म्हणाली. "मला तू आवडला होतास."

त्याने तिचा ओला चेहरा दोन्ही हातांत घेतला, आणि बराच वेळ धरून ठेवला. "मला अजून राग आहे," तो म्हणाला. "आणि प्रेमही आहे. दोन्हींतलं आधी काय संपेल, ते मला खरंच सांगता येत नाही."

गाडी आली. दार बंद होईपर्यंत तो तिच्याकडे बघत होता. 'चल' असा एक शब्द तो बोलला असता, तर ती अंगावरच्या कपड्यांनिशी चढली असती. तो बोलला नाही, आणि या वेळी तिनेही त्याला अडवलं नाही.