डाव्या दाराचा पोचा

शिंपीणबाईचा हात शिवण्यात बसलेला, पण लबाड्या उसवण्यात त्याहून सरस, हे सगळ्या गल्लीला ठाऊक. म्हणून तिचा दीर, क्लबचा सेक्रेटरी, धापा टाकत आला तो तिच्याकडेच.

"वहिनी, चला! कॉम्प्युटरच्या गेममध्ये पळवायची गाडी स्वतः घडवायची, अशी आमची स्पर्धा. एकच गाडी दोघांनी पाठवलीय. पाचला निकाल आहे."

"दोघं कोण?"

"मेकॅनिकची लेक आणि तिचा आतेभाऊ हिरो. तिच्याच कॉम्प्युटरवर रोज बसतो तो. गाडी तिच्या वारलेल्या बापाची, हुबेहूब."

क्लबात दोघं उभेच होते. पडद्यावर लाल गाडी मागची चाकं घसरवत, धूर सोडत वळणावरून आडवी गेली.

"थांबव. आता चहूबाजूंनी फिरव."

उजवं दार लख्ख. डाव्यावर मुठीएवढा पोचा.

"हिरो, कशी केलीस रे?"

"रस्त्यावरच्या शर्यतींचे पिक्चर बघून डोळा तयार झालाय, काकू! शहाणा माणूस अर्धीच गाडी करतो. एक बाजू घडवली, तीच उलटवून पलीकडे चिकटवली. मग बोटसुद्धा लावलं नाही. आठवड्यात काम फत्ते."

"आणि तू गं?"

"तीन महिने लागले," लेक पुटपुटली. "डावी बाजू पाचदा पुसली. बाबांच्या गाडीसारखी जमेचना."

"कासव!" हिरो खिदळला.

दीर वहिनीच्या कानाशी लागला. "पोरगा तरबेज दिसतोय. सगळे अर्धीच करतात म्हणे."

"करू देत. भावजी, कापड दुमडून कापताना कात्री घसरली, तर भोकं किती?"

"दोन. दोन्हीकडे सारखी."

"आणि नाही घसरली, तर एकही नाही. मग दुमडून केलेल्या गाडीला एकच पोचा कुठून आला?"

दिराने वळून हिरोकडे बघितलं.

"ती... सावली असेल," हिरो चाचरला.

"सावली?" लेकीची मान ताठ झाली. "बाबा गाडी घसरवायला शिकले, त्या दिवशी ती खांबाला घासली. पोचा त्यांनी कधी काढू दिला नाही. म्हणायचे, शाळा सुटली माझी, ही माझी पदवी."

"गाडी चोरलीस," शिंपीणबाई हिरोला म्हणाली, "पण धड बघितलीसुद्धा नाहीस. नीघ."

हिरो खाली मान घालून गेला. दिराने पेन उघडलं. "नाव कोणाचं लिहू?"

"बाबांचं लिहा."

"तुझंच लिहू दे, बयो," शिंपीणबाई उठली. "बापाचं दारावर आहेच की."