एक्क्याण्णवाव्या लग्नाची पंगत

पत्र येऊन पाच आठवडे झाले होते. हेमकांत सरांनी ते शब्दकोशात ठेवलं होतं आणि तेव्हापासून शब्दकोश उघडायचं टाळलं होतं.

पत्र कोरीटच्या फुलवंताबाईंचं होतं. बाईंच्या नावावर नव्वद प्रेमकादंबऱ्या होत्या. सर नंदुरबारच्या वाचनालयात पस्तीस वर्षं ग्रंथपाल होते. बाईंची प्रत्येक कादंबरी आधी त्यांनी वाचायची, मग कपाटात लावायची, असा शिरस्ता होता.

"हेमकांतभाऊ," बाईंनी लिहिलं होतं, "एक्क्याण्णवाव्या कादंबरीचा शेवट माझा नाही. मी लिहिलं होतं, हेमांगी लग्न मोडते आणि रेल्वेने चिंचपाड्याला नर्सच्या नोकरीवर जाते. छापून आलं ते लग्न! माझा भटू म्हणतो, आई, तूच लिहिलंस आणि विसरलीस. त्याने माझे कागद-पेन काढून घेतले; हे सुनेकडून मागून लिहिते आहे. माझी सगळी पुस्तकं तुम्ही वाचली आहेत. मन्हं डोकं ठिकाने शे का नही, तेवढं सांगा."

सरांनी तो शेवट तीनदा वाचला होता. काहीतरी खटकत होतं, पण बोट ठेवता येत नव्हतं. आपण सांगायचं आणि ते चुकीचं निघालं तर? आपण कोण मोठे लागून गेलो?

सहाव्या आठवड्यात मात्र ते मिरचीच्या दुकानावरचा जिना शिंकत शिंकत चढले. वर किंजलचं चौकशी कार्यालय होतं. लग्नाआधी स्थळांची माहिती काढणं हा तिचा मुख्य धंदा.

"सर, पाच आठवडे?" पत्र वाचून ती म्हणाली. "तेवढ्यात मी तीन नवरदेव उघडे पाडले असते."

"मला खात्री नव्हती."

"बाईंच्या पुस्तकात लग्न कसं होतं, सांगा."

"नेहमीचंच. रात्रीची पंगत, वांग्याचं भरीत, मग वीज जाते आणि अंधारात नायक नायिकेचा हात धरतो."

"नव्वद वेळा लोडशेडिंग?"

"वाचक वाट बघतात," सर लाजून म्हणाले.

तिने शेवटचं प्रकरण मोठ्याने वाचलं. 'उन्हं कलण्याआधी पंगत उठली. पुरी, मूगडाळीचा शिरा आणि दुधीची भाजी खाऊन वऱ्हाड तृप्त झालं.' तिने पुस्तक मिटलं.

"चला, छापखान्यात जाऊ. आणि मूळ शेवट काय होता ते कुणापुढे बोलू नका."

छापखान्याचा मालक रिषभ टेबलाशी बसून कांदाभजी खात होता. आतल्या खोलीतून खोकला ऐकू येताच त्याने बशी प्रूफांच्या गठ्ठ्यामागे सरकवली.

"मा आत आहे, तिला सांगू नका, किंजलबेन. घरात घेणार नाही."

"शेवट तुम्ही बदललात?"

"मी शेवट वाचतच नाही! लग्नच असतं ना? लग्न नसेल तर पुस्तक घेणार कोण?"

कोपऱ्यात टाइप करणारा धनसिंग धडगावकडचा होता. तो स्वतःही कथा लिहायचा. "माझी कथा छापा म्हटलं तर शेठ हसतात," तो म्हणाला. "पण बाईंच्या अक्षराला मी हात लावत नाही. समोर येतं ते टाइप करतो. बाईंचा हात थरथरतो, म्हणून मध्येमध्ये सुनेचं अक्षर असतं. या वेळी शेवटाला तिसरंच होतं. वाटलं, नात असेल."

"कागद कुठे आहेत?"

"टाइप झाले की आजी नेतात. खाखऱ्याच्या डब्यांत घालायला."

आजी म्हणजे रिषभची आई पानीबाई. त्या आतल्या खोलीत ताट वाढून घेत होत्या.

"बस बेटा. दिवस आहे तोवर चार घास खाऊन घेते."

"काकी, या कादंबऱ्या वाचता का?"

"मी? मला कुठे वेळ?" पानीबाईंनी वाटी सरकवली. "आणि हल्ली काय लिहितात! पोरीच्या जातीनं लग्न सोडून एकटीनं गाडीत बसून जायचं? शोभतं का?"

सरांनी मान डोलावली. किंजल हसली नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी तिने रिषभ, धनसिंग आणि पानीबाई या तिघांना छापखान्यात एकत्र बसवलं. कोरीटहून भटूलाही बोलावलं होतं.

"आई विसरनी, बस," भटू म्हणाला. "त्यात काय शोधी ऱ्हायनात तुम्ही?"

"भटूभाऊ, तुमच्या घरच्या लग्नात पंगत कधी उठते?"

"दहा-अकरा वाजतात."

"भरीत नसेल तर?"

"वऱ्हाड उठी जाई!"

"छापलेल्या शेवटात पंगत उन्हं कलायच्या आत उठते. वांगं नाही, बटाटा नाही, कांदा-लसूण नाही. कोरीटच्या घरातलं कुणी असं लग्न लिहिणार नाही, मग ते विसराळू असो नाहीतर लबाड. धनसिंगही नाही, कारण लिहिणाऱ्याला हे जैनांचे नेम अंगवळणी पडलेले आहेत. मी जैनाच्या घरात वाढले, म्हणून वाचताना मला काहीच खटकलं नाही. सरांना खटकलं, कारण त्यांनी नव्वद पंगती वाचल्या आहेत."

"म्हणजे शेठ?" धनसिंग म्हणाला.

"शेठ कांदाभजी खातात."

पानीबाईंनी वळून मुलाकडे पाहिलं.

"काकी," किंजल हलकेच म्हणाली, "छापलेल्या पुस्तकात हेमांगी गाडीत बसतच नाही. ती गाडी फक्त मूळ कागदांत होती. धनसिंगने तिसऱ्या अक्षरातला शेवट टाइप केला, म्हणजे मूळ कागद त्याआधीच तुमच्या हाती आले होते."

मग पानीबाई आत गेल्या आणि एक डबा घेऊन आल्या. कागद खाखऱ्याखाली नव्हते. मलमलीत बांधलेले होते.

"चौदाव्या वर्षी या घरात आले. रडायचं तर दार लावावं लागायचं. या फुलवंताबाईचं पुस्तक हातात असलं की कुणी विचारायचं नाही, पुस्तकापायी रडते म्हणायचे. शेवटी लग्न झालं की मी डोळे पुसून उठायचे. या वेळी ती पोर निघूनच गेली. मी कसं उठायचं?"

"मग हे फाडलं का नाही?" सरांनी विचारलं. तिथे गेल्यापासून त्यांचा हा पहिलाच प्रश्न होता.

"आता रोज तेच वाचते," पानीबाई म्हणाल्या.

भटू पायांकडे बघत बसला. "कागद-पेन आजच आईले परत देसू," तो पुटपुटला.

"ते द्या," सर म्हणाले. "पण प्रश्न मला विचारला होता."

त्यांनी तिथेच लिहायला घेतलं. 'बहुधा शेवट तुमचा नसावा' असं लिहून फाडलं. 'माझ्या अल्पमतीप्रमाणे' लिहून तेही फाडलं. तिसऱ्या कागदावर एवढंच लिहिलं: 'शेवट तुमचा नाही. तुमचं डोकं ठिकाणावर आहे. उशीर माझा.' खाली पानीबाईंनी सही केली. मूळ बावीस पानं सोबत जोडली.

"कोरीट अर्ध्या तासावर आहे, सर. भटूभाऊंच्या गाडीवर जा की," किंजल म्हणाली.

"समोर गेलो तर मी पुन्हा 'बहुधा' म्हणेन."

पोस्टातल्या बाईने जाड पाकीट तोलून पावती फाडली, पाकीट मागच्या पोत्यात टाकलं आणि म्हणाली, "पुढचे या."

सर बाजूला झाले.