होडीतली दुसरी जागा

“हा गेम आता कुठेच नाहीये,” शेजारच्या सीटवरून आवाज आला.

मी माझ्या फोनकडे बघत होते आणि तोही माझ्या फोनकडेच. सकाळच्या नाशिक–सिन्नर एसटीत द्वारका चौकापासून इतकी गर्दी असते, की दुसऱ्याच्या फोनमध्ये डोकावणं कुणी फारसं मनावर घेत नाही. मी घेते. फोन पालथा केला आणि त्याच्याकडे रोखून पाहिलं.

“सॉरी,” कानटोपी मागे सारत तो म्हणाला. “‘पल्याड’चं चित्र दिसलं म्हणून बोललो. मीपण शोधतोय तो. सापडत नाही.”

आता मात्र त्याच्याकडे नीट बघावंच लागलं. सावळा, दाढी ठेवायची की काढायची हे अजून न ठरलेला चेहरा. गळ्यात कंपनीचं ओळखपत्र, त्यावर नाव अश्विन. नाशकात आल्यापासून ‘पल्याड’ हे नाव मी दुसऱ्या कुणाच्या तोंडून ऐकलं नव्हतं.

सांगते. एक वेबसाइट आहे, तिथे हौशी लोक स्वतः छोटे छोटे गेम बनवून टाकतात. ‘पल्याड’ त्यातलाच. दुथडी भरलेली नदी, एक होडी, दोन माणसं. एकानं वल्हवायचं, दुसऱ्यानं आत शिरणारं पाणी उपसायचं. एकमेकांशी बोलायची सोय नाही. बस्स, एवढंच. पण मी सटाण्याहून नोकरीसाठी इथे आले, इंदिरानगरला खोली घेतली आणि त्या पहिल्या वर्षात माझं या शहरात दुसरं कुणीच नव्हतं. ऑफिसातून येऊन दार लावलं, की आईचा फोन यायचा, “जेवनी का?” मी हो म्हणायचे. त्यानंतर सकाळपर्यंत माझा आवाज मलाही ऐकू येत नसे.

मग मी ‘पल्याड’ उघडायचे. आणि काठावर तो यायचा.

तो कोण, कुठला, काही माहीत नव्हतं. पण होडीत बसण्याआधी तो थांबायचा आणि नदीला हात जोडायचा. हात जोडायचं बटण होतं, पण त्यानं गुण मिळत नसत, काही होत नसे. तरी तो जोडायचा. मला वाटायचं, असं विनाकारण काही करणारा माणूस चांगलाच असणार. मी येईन तेव्हा तो असायचा. एकदा खूप रडून आले होते, त्या दिवशीही होता. मग एका संध्याकाळी गेमच उघडला नाही. बनवणाऱ्यानं आपलं अकाउंट काढून टाकलं होतं, त्याबरोबर नदी गेली, होडी गेली, तोही गेला. माझ्याकडे राहिलं ते फोनवरचं एक चित्र.

यातलं अर्थात मी अश्विनला काहीच सांगितलं नाही. एवढंच म्हणाले, “मला तो गेम हवाय.”

“मग शोधू की,” तो म्हणाला. जसं काही मी हरवलेली छत्रीच मागितली होती.

असे गेलेले गेम हुडकणं हा त्याचा नाद होता. सिन्नरच्या एमआयडीसीत तो मशीनचे प्रोग्रॅम लिहायचा आणि उरलेल्या वेळात लोकांनी पुसून टाकलेलं उकरायचा. “माणूस स्वतःचं अकाउंट पुसतो,” तो सांगायचा, “पण कोणीतरी त्याचा गेम आवडला म्हणून स्वतःकडे कॉपी केलेला असतो. ती कॉपी त्या दुसऱ्याच्या नावावर राहते. आपण गेम नाही शोधायचा. तो कोणाला आवडला होता, ते शोधायचं.”

हे वाक्य मला उगाचच आवडलं.

त्या थंडीत मग आमचा रोजचा प्रवास ठरून गेला. तो त्र्यंबकचा, शनिवारी-रविवारी घरी जायचा आणि सोमवारी पिशवीत ओला हरभरा घेऊन यायचा. आम्ही घाटे सोलत बसायचो आणि कंडक्टर टरफलांकडे बघून नाक मुरडायचा. खिडकीची काच धुक्यानं पांढरी झालेली असायची. अश्विन तिच्यावर बोटानं होडी काढायचा, मग मी बघतेय म्हटल्यावर बाहीनं पुसून टाकायचा.

“तुम्हाला एवढा का हवाय हो तो?” एकदा त्यानं विचारलं.

मी सांगून टाकलं. जोडीदाराचं, नमस्काराचं, सगळं. सांगताना हसले, कारण न हसता सांगितलं असतं तर वेडी ठरले असते.

तो हसला नाही. “म्हणजे तुम्ही गेम शोधत नाहीये. माणूस शोधताय.”

“असं काही नाही...”

“असंच आहे.” त्यानं एक घाटा सोलला, दाणा माझ्या हातावर ठेवला आणि खिडकीबाहेर बघत राहिला. शिंदे-पळसे मागे पडलं तरी बोलला नाही.

पण शोध त्यानं सोडला नाही. दोन-तीन आठवड्यांनी एसटीत चढला तोच हसत. ‘पल्याड’ कॉपी केलेलं एक अकाउंट सापडलं होतं. सायखेड्याच्या एका कॉम्प्युटर क्लासचं. कॉपी वेबसाइटवर सगळ्यांना खुली केलेली नव्हती, पण क्लासच्या जुन्या कॉम्प्युटरवर असण्याची शक्यता होती.

“रविवारी येणार?” त्यानं विचारलं. “गाडीवर जाऊ. थंडी लय असेल पण. स्वेटर घाला.”

“मी काय लहान आहे?”

“लहान नाही. पण परवा बसमध्ये कुडकुडत होता तुम्ही.”

म्हणजे लक्ष होतं तर. रविवारी मी मुद्दाम चांगला, निळा स्वेटर घातला.

चांदोरीपाशी वळलो आणि सायखेड्याच्या पुलावर आलो तेव्हा नदीवर अजून धुकं होतं. पाणी दिसत नव्हतं, नुसता त्याचा गारवा अंगावर येत होता. अश्विननं गाडी हळू केली. डावा हात हँडलवरून काढला, कपाळाला लावला, छातीला लावला, आणि पुन्हा हँडल धरलं.

मी मागे बसले होते. मला काठावर थांबून नदीला हात जोडणारा आठवला.

तो होता. हाच होता. गेम त्यालाही माहीत, त्यालाही हवा होता. माझं बोलणं ऐकून गप्प झाला, ते यामुळेच. आपण वर्षभर ज्याच्यासोबत नदी ओलांडली, त्याच्याच पाठीमागे आपण बसलोय, असं मला वाटलं आणि मी त्याच्या जॅकेटचं टोक धरलं. त्यानं आरशातून पाहिलं. मी सोडलं नाही.

क्लास चालवणाऱ्या उज्ज्वला मॅडमनी जुने कॉम्प्युटर मागच्या खोलीत चादरीखाली झाकून ठेवले होते. “हे आमच्या मयूर सरांनी बनवलेलं,” त्या म्हणाल्या. “इथं शिकवायचे. आता पुण्याला असतात. मी विचारलं होतं एकदा, का काढलंत म्हणून. तर म्हणे, कोणी खेळतच नव्हतं.”

“मी खेळत होते,” मी म्हणाले. आवाज जरा मोठाच निघाला.

मॅडमनी माझ्याकडे पाहिलं आणि लगेच मयूर सरांना फोन लावला. सर म्हणाले, न्या की, फक्त माझं नाव लावू नका. मॅडमनी मला चहाला बाहेर बसवलं. अश्विन आत त्या जुन्या कॉम्प्युटरशी झटत राहिला. मध्येच मी डोकावले, तर पडद्यावर नदी होती. तीच. मला भरून आलं. पण अश्विन नदी बघत नव्हता, तो गेमच्या आतला प्रोग्रॅम वाचत होता. वाचता वाचता त्याचा चेहरा उतरत गेला.

“काय झालं? बिघडलाय का?”

“नाही. सगळं आहे.” त्यानं पेन ड्राइव्ह खिशात टाकला. “चला, निघू.”

परतताना पूल ओलांडला, त्यानं तसाच नमस्कार केला, आणि चांदोरी फाट्यावर आम्ही चहाला थांबलो. ग्लास दोन्ही हातांत धरून मी त्याच्याकडे बघत होते. आता याला ‘तुम्ही’ म्हणण्यात काही अर्थ नाही, असं मी ठरवूनच टाकलं होतं.

“तूच होतास ना?”

“कुठे?”

“होडीत.”

त्यानं ग्लास बाकावर ठेवला. चहावरची साय बोटानं बाजूला केली. “मी हो म्हटलं तर तू खूश होशील,” तो हळूच म्हणाला. “मी तर होईनच. आत बसल्यापासून तेच डोक्यात चाललंय, की तू विचारलंस तर हो म्हणून टाकू.”

“मग म्हण ना.”

“पण नव्हतो मी.” त्यानं वर पाहिलं. “मी तो गेम एकदाच उघडला होता. आवडला, म्हटलं सावकाश खेळू, तोवर गेला. तुझ्यासोबत... कोणीच नव्हतं. प्रोग्रॅममध्ये लिहिलंय. दुसरं कोणी आलं नाही, तर जोडीदार गेमनंच चालवायचा. काठावर थांबवायचा, हात जोडायला लावायचे, मग होडीत बसवायचा. येणाऱ्याला एकटं वाटू नये म्हणून केलं असेल त्यांनी.”

“पण तू पुलावर...”

“इथं सगळेच करतात. तू सटाण्याची, तुला नवीन वाटलं. मयूर सरही इथलेच, म्हणून त्यांनी घातलं.”

रस्त्यावरून कांद्याचे ट्रॅक्टर जात होते. मी ग्लास खाली ठेवला. “म्हणजे ते सगळं वर्ष मी एकटीच होते.”

“हो,” तो म्हणाला.

राग मयूर सरांचा यायला हवा होता. आला अश्विनचा. खरं सांगायची एवढी काय घाई होती? एक ‘हो’ म्हटला असता तर मी जन्मभर सुखात विश्वास ठेवला असता. घरी सोडताना त्यानं पेन ड्राइव्ह माझ्या हातात दिला. “काही बदललं नाहीये. तुला वाटलं तर तो आहे तसाच आहे आत.”

पुढचे काही दिवस मी एसटीत मागच्या सीटवर बसले. तो पुढे, खिडकीपाशी. शेजारच्या जागेवर त्यानं पिशवी ठेवलेली असायची. द्वारकेला कुणीतरी दटावून ती उचलायला लावायचं. मागून त्याची फक्त कानटोपी दिसायची आणि मला ती बघायची सवय लागली. खोलीवर परतलं की पूर्वीसारखंच होतं, नाही, पूर्वीपेक्षा वाईट. पूर्वी मला निदान माहीत नव्हतं.

शेवटी एका संध्याकाळी पेन ड्राइव्ह लॅपटॉपला लावला. नदी आली. तो आला, थांबला, हात जोडले, होडीत बसला. मी वल्हं सोडून दिलं. होडी मध्येच गरगर फिरू लागली, आणि तो शांतपणे पाणी उपसत राहिला. वळून बघणं नाही, थांबणं नाही. मी रडत होते तेव्हाही तो असाच उपसत असणार. मी जेवायला उठले, भांडी घासली, परत आले, तरी उपसतच होता. बिचारा. त्याच्यावर मी रागावणार तरी कशी? मी त्याला मनातल्या मनात ‘बरं आहे, येते’ म्हटलं आणि गेम बंद केला.

दुसऱ्या दिवशी मी त्या पिशवीपाशी जाऊन उभी राहिले. अश्विननं ती इतक्या घाईनं उचलली की घाटे खाली सांडले.

“एक काम करशील?” मी बसत म्हणाले. “त्यातला तो काढून टाक.”

“कोण? जोडीदार?”

“हो. ती जागा रिकामी ठेव. खरं माणूस आलं तरच होडी सुटेल, असं कर.”

सांडलेले घाटे गोळा करता करता तो थांबला. “आणि कोणी आलंच नाही तर?”

“तर नाही येणार. मी थांबेन थोडा वेळ, मग जाऊन जेवेन.”

“थोडा म्हणजे किती?”

“ते येणाऱ्यानं बघावं,” मी म्हणाले आणि एक घाटा सोलून दाणा त्याच्या हातावर ठेवला.

आठवड्याभरात त्यानं गेम वेबसाइटवर पुन्हा चालू केला. शनिवारी तो त्र्यंबकला गेला आणि संध्याकाळी मी माझ्या खोलीत होडी काढली. काठ मोकळा होता. मी थांबले. इतका मोकळा काठ मी कधी पाहिला नव्हता. फोन उचलून ‘ये’ म्हणावं असं दहादा वाटलं. नाही म्हटलं.

मग एक माणूस आला. तो थांबला नाही, हातही जोडले नाहीत. सरळ चालत नदीतच उतरला. माझा फोन वाजला.

“अरे, पाण्यात काय करतोयस?”

“होडीत बसायचं बटण सापडेना,” अश्विन म्हणाला. मागे त्याच्याकडे देवळाची घंटा वाजत होती.

“प्रोग्रॅम तूच लिहितोस ना?”

“लिहिणं वेगळं. हं... बसलो. आता?”

“आता उपस. पाणी भरतंय.”

“उपसतोय की.”

“ती माझी बाजू आहे. तुझी मागची. अरे, मागची...” मी हसू आवरत वल्हवत होते. होडी एका बाजूला कलली. आता काही खरं नव्हतं, आणि मला त्याचं जराही वाईट वाटत नव्हतं.

“बुडतोय आपण,” तो म्हणाला.

“हो. अश्विन, ऐक. मला तू आवडतोस. होडीतला नाही. तू.”

पलीकडची घंटा थांबली होती. होडी पाण्याखाली गेली आणि पडद्यावर एक प्रश्न उमटला, जो मी कधी पाहिलाच नव्हता, कारण त्या दुसऱ्यानं मला एकदाही बुडू दिलं नव्हतं. ‘पुन्हा निघायचं का? दोघांनीही सांगा.’ खाली दोन चौकटी.

मी माझ्या चौकटीत ‘हो’ दाबलं. शेजारची रिकामीच राहिली. मी तिच्याकडे बघत बसले. आता पलीकडे खरंच कुणीतरी होतं, आणि ते नाहीसुद्धा म्हणू शकत होतं.

मग त्याचं ‘हो’ उमटलं.